पश्चिमेचं पान

२७ मार्च १७५५, ब्रेस्त

आज 'ताकीन' पाण्यात उतरली. सव्वीस तोफांचं राजाचं नवंकोरं गलबत, आणि नाव ठेवलंय ताकीन, म्हणजे खोड्या काढणारी बाई. उतारावरून घसरताना मध्येच अडकली, मग एकदम धाडकन खाली गेली आणि धक्क्यावरच्या बड्या मंडळींचे रेशमी पायमोजे भिजवून मोकळी झाली. नाव शोभतंय तिला.

बाबांना बघायचंच होतं. पाय गेलेत, पण चाळीस वर्षं गलबतांना वाट दाखवलेला माणूस अशा दिवशी घरात बसतो होय. मी खुर्ची पाठीवर घेतली, त्यांना जवळजवळ उचलूनच धक्क्यावर आणलं. बसले आणि पहिला प्रश्न, आलार कुठाय. आलार आला. पुढचे दोन तास बाबांनी त्याचा हात सोडला नाही. खुर्ची मी वाहायची आणि हात त्याचा धरायचा, असं आमच्या घरात चालतं.

आलार आमचा कोणी नव्हे. त्याचा बाप वादळात गेला तेव्हा बाबांनी त्याला घरी आणलं, माझ्याच ताटात वाढलं, माझ्याबरोबरच धंदा शिकवला. तो बाबांना बाबा म्हणतो. इतक्या वर्षांत कोणी त्याला विचारलं नाही की हे बाबा कोणाचे.

२ एप्रिल

नेमणुका लागल्या. ताकीनवर थोरला वाटाड्या आलार. दुय्यम वाटाड्या गुलव्हेन, म्हणजे मी. मी त्याच्याहून सहा वर्षांनी मोठा आहे. आईने दोघांसाठी कुट्टूचे घावन केले आणि पहिला, कडेने कुरकुरीत झालेला, त्याच्या ताटात टाकला. माझ्या पोटात दुखलं. कशाला खोटं लिहू, ही वही माझीच आहे.

आलार मला बाजूला घेऊन म्हणाला की कप्तानाने आधी तुझंच नाव काढलं असतं तर मला जास्त बरं वाटलं असतं. मोठेपणा दाखवायची हौसच आहे मेल्याला.

१९ जून, समुद्रावर

ताकीन पळते मात्र. वारा जरा तिरका मिळाला की असली सुटते की मागची गलबतं क्षितिजाखाली जातात. कप्तान द रोसलान तर तिच्यावर लट्टूच आहे, तिच्या कठड्याला थोपटतो. काल चोरटा माल नेणारं एक इंग्रज जहाज दुपारभर आमच्यापुढे पळालं. ते खडकांच्या आडून निसटणार हे मला पाण्याच्या रंगावरून कळलं, मी आलारला सांगितलं, त्याने कप्तानाला. जहाज हाती लागलं. कप्तानाने सगळ्यांसमोर आलारची पाठ थोपटली तर हा म्हणतो, "हे गुलव्हेनने ओळखलं, मी नाही."

मग सगळ्यांनी माझ्याकडे वळून टाळ्या वाजवल्या. त्याने दिलेल्या टाळ्या. त्या माझ्या मला मिळाल्या असत्या तर काय बिघडलं असतं.

पाण्याची खोली मोजायला ओळंबा टाकणारा म्हातारा याकेझ मला म्हणाला की तुझ्या तोंडाकडे बघून दूध नासेल. याकेझला सगळं माफ आहे. त्याच्यासारखा ओळंबा टाकणारा ब्रेस्तमध्ये दुसरा नाही.

३ डिसेंबर, ब्रेस्त

मंगळवारी बाबा गेले. दुपारची वेळ होती. मी उशाशी बसलो होतो, आई पायाशी. बाबांनी डोळे उघडले, माझ्याकडे नीट बघितलं आणि विचारलं, "आलार आला का?" तो वाटेत होता. येईपर्यंत थांबले. तो आला, त्याच्याशी काहीतरी पुटपुटले, मग गेले.

त्यांची वही मात्र मला दिली. हे लिहून ठेवतो, कारण हे खरं आहे आणि कोणी काढून घेऊ शकत नाही. ती वही म्हणजे बाबांचा सगळा जन्म. ओळंब्याच्या बुडाला चरबी लावायची, तळाला सोडायचा, वर आला की चरबीला काय चिकटलंय ते बघायचं, बोटांनी चोळायचं, जिभेवर ठेवायचं. कुठे वाळू, कुठे चिखल, कुठे शिंपल्यांचा चुरा. तळ कळला की जागा कळली, मग धुकं असो नाहीतर काही असो. बाबांनी चाळीस वर्षांचे तळ त्या वहीत लिहिलेत. किनाऱ्याजवळचे त्यांनी आलारलाही शिकवले. पण बाहेरच्या समुद्रातून घरी परततानाचे, ते पश्चिमेचं पान, त्यांनी फक्त मला दिलं.

२१ जानेवारी १७५६

जी भीती होती तेच झालं. आलार आला, टोपी हातात घेऊन उभा राहिला आणि पश्चिमेचं पान उतरवून घेऊ का म्हणाला. दोनशे माणसांची जबाबदारी आहे, बाबा असते तर त्यांना विचारलं असतं, आता तूच आहेस. आई शेजारीच लोणी मळत होती. ती म्हणाली, अगं बाई, त्यात विचारायचं काय, घरचाच आहे तो.

मी म्हणालो, तुझं अक्षर बाबांना कधी वाचता आलं नाही, मीच उतरवून देतो. तो इतका खूश झाला की मला मिठी मारली.

२५ जानेवारी

दिलं उतरवून. बारीक, सुबक अक्षरात, बाबांसारखं. एकच गंमत केली.

ब्रेस्तच्या तोंडाबाहेर उत्तरेला वेसां बेट आणि दक्षिणेला सेन बेट. सेनच्या पुढे समुद्रात मैलोगणती खडकांची रांग पसरलीय, अर्धी पाण्याखाली. वेसांजवळ तळाला भुरकट वाळू आणि गुलाबी शिंपल्यांचा चुरा लागतो. सेनजवळ काळी कच, तिच्यात बारीक पिवळे कण, जिभेला लोखंडासारखी लागते. मी दोन ओळींची अदलाबदल केली. काळी कच वेसांला, गुलाबी चुरा सेनला.

काही होणार नाही. परतताना हवा बहुतेक स्वच्छ असते, बेट डोळ्यांना दिसतं. एखाद्या दिवशी बेट समोर ढळढळीत दिसत असताना हा चरबी चाखून भलत्याच बेटाचं नाव घेईल, कप्तान भुवया वर करेल, याकेझ महिनाभर पुरेल एवढा हसेल. एकदा तरी त्याची फजिती बघायची आहे मला. मग सांगून टाकीन की उतरवताना चूक झाली.

१४ ऑगस्ट, कॅनडाकडून परतीच्या वाटेवर

पलटण पोचवून परत निघालो. आता इंग्रजांशी उघड लढाई आहे, जाताना त्यांच्या दोन लढाऊ गलबतांशी गाठ पडली होती. मधली डोलकाठी अर्ध्यातून गेली, अकरा माणसं गेली, पण ताकीनने त्यांना वाकुल्या दाखवत धुक्यात उडी मारली. तिच्या डाव्या कुशीत गोळ्याची तीन भोकं आहेत, सुताराने ती इतकी नीट बुजवलीत की कप्तान सगळ्यांना बोलावून दाखवतो.

आता गलबतावर ताप पसरलाय. आलारलाही आलाय. आठ दिवस थोरल्या वाटाड्याचं काम मी केलं, आणि कोणाला फरकसुद्धा पडला नाही, इतकं चांगलं केलं. नवव्या दिवशी आलार भिंतीला धरून वर आला तेव्हा सगळे खलाशी ओरडले, टोप्या उडवल्या. माझ्या आठ दिवसांसाठी कोणी टोपी उडवली नव्हती.

त्याच्यासाठी मटणाचं पाणी मीच नेत होतो हेही लिहितो. तो मेला असता तर जागा माझी झाली असती, आणि रोज वाटी घेऊन जाताना ते माझ्या मनात होतं. तरी नेत होतो.

३० सप्टेंबर, ब्रेस्त

वेसां लांबूनच दिसलं. पान उघडायची वेळच आली नाही. बरंच झालं. सांगून टाकावं असं मनात आलं, पण धक्क्यावर आई उभी होती आणि ती आधी त्याच्याकडे धावली. आजारी होता म्हणून, असं म्हणाली. मग म्हटलं, राहू दे.

१२ ऑक्टोबर १७५७, समुद्रावर

वर्षभर या वहीत काही लिहिलं नाही. दोन वेळा बाहेर पडलो, दोन वेळा परतलो, दोन्ही वेळा हवा काचेसारखी. या खेपेला इंग्रजांची आणखी दोन व्यापारी जहाजं धरली. नवी बातमी अशी की कप्तान वसंतात मोठ्या गलबतावर जाणार आणि आलारला बरोबर नेणार. त्याने आजच मला सांगितलं. वर म्हणतो, ताकीन तुझी होईल, गुलव्हेन, मी कप्तानांशी बोललोय.

त्याने उष्टं करून सोडलेली जागा. घेईन म्हणा मी, नाही कशाला म्हणू.

११ नोव्हेंबर, ओदियेर्न

हे बंदरावरच्या एका कोळ्याच्या घरात बसून लिहितोय. हाताला चिंध्या बांधल्यात म्हणून अक्षर असं. सगळं आहे तसं लिहितो.

सहा दिवस सूर्य नव्हता. आपण घराजवळ आलोय एवढं कळत होतं, पण उत्तरेला की दक्षिणेला हे कोणालाच सांगता येत नव्हतं. परवा, नऊ तारखेला, सकाळी दाट धुकं. नाळेवर, म्हणजे अगदी पुढच्या टोकाला, उभं राहिलं तर मधली डोलकाठी दिसत नव्हती. याकेझने ओळंबा टाकला. साठ वाव खोल. चरबी वर आली, त्याने ती बघितली, मान हलवली आणि आलारपुढे धरली. काळी कच. पिवळे कण.

आलारने जिभेवर ठेवली. मग डोळे मिटले. मग मला दिली. मी ठेवली. लोखंड.

आलारने खिशातून ते पान काढलं. ते त्याने मेणकापडात शिवून ठेवलं होतं. बराच वेळ वाचत राहिला. कप्तान म्हणाला, काय ते लवकर सांगा. वेसां असेल तर आग्नेयेला वळायचं. सेन असेल तर उत्तरेला, ताबडतोब. आलारने माझ्याकडे बघितलं आणि विचारलं, "जीभ काहीतरी वेगळं सांगतेय रे. तुला काय वाटतं?"

मी म्हणालो, "पानात काय आहे ते बघ."

का म्हणालो ते लिहितो. सेन म्हणालो असतो तर त्याने पान माझ्यापुढे धरलं असतं, कप्तानासमोर. सगळ्यांसमोर मी लबाड ठरलो असतो. मी ठरवलं की अर्ध्या तासाने पुढचा ओळंबा टाकतील तेव्हा काहीतरी निमित्त काढून सांगायचं, की हा तळ मला पटत नाही. अर्धा तास म्हणजे काही जास्त नव्हे. आलार म्हणाला, वेसां. सुकाणू फिरलं. याकेझ दोर गुंडाळत माझ्याकडे बघत होता.

पुढचा ओळंबा टाकायची वेळ आलीच नाही. पहिल्या धक्क्याला सगळे आडवे झालो. दुसऱ्याला सुकाणू तुटलं. मग ती खडकावर बसली आणि प्रत्येक लाटेला वर उचलली जाऊन आपटत राहिली. भार कमी करायला डोलकाठ्या आम्हीच तोडल्या. डावी कूस फाटली, ती तीन भोकं बुजवली होती तिथेच. कप्तान शेवटपर्यंत मागे उभा होता, मग एका लाटेनंतर दिसला नाही. याकेझ नाळेवर होता. नाळ आधी गेली.

आलारने मला पाण्यातून ओढून फळीवर घेतलं. त्याच फळीवरून त्याने आणखी चौघांना घेतलं, दोनदा परत पाण्यात गेला. दुपारी धुकं हटलं आणि सेनच्या होड्या आल्या. दोनशे सहा माणसांपैकी चौऱ्याण्णव गेली.

बाबांची वही माझ्या पेटीत राहिली. ही वही अंगावर होती, सदऱ्याच्या आत बांधलेली.

१३ नोव्हेंबर

वाचलेल्यांत भांडण लागलंय. गलबतावर सशाचं नाव काढायचं नसतं हे दर्यावर्दी माणसाला सांगावं लागत नाही, आणि आता कोणीतरी म्हणतंय की आचाऱ्याने आठ तारखेला जेवण वाढताना ससा हा शब्द उच्चारला. आचारी शपथा घेतोय की मी कोंबडी म्हणालो. काल त्याला मारलं. आलार मध्ये पडला, म्हणाला की दोष ससा-कोंबडीचा नाही, माझा आहे. मी कोपऱ्यात बसून होतो. माझा हात दुखत होता.

२० डिसेंबर, ब्रेस्त

आज पंचांपुढे चौकशी झाली. मला विचारलं, तळ तुम्ही बघितला होता का. मी म्हणालो, बघितला. तुमचं मत विचारलं होतं का. मी म्हणालो, पानात बघ म्हणून सांगितलं. हे खरंच आहे, एक अक्षर खोटं नाही.

मग आलारला विचारलं की कोणत्या पानात. आलार म्हणाला, "पान बरोबर होतं. वाचताना चूक मी केली." तीनदा विचारलं, तीनदा तेच सांगितलं. पान समुद्रात गेलं होतं, दाखवायला काही नव्हतं. त्याला राजाच्या नोकरीतून काढलं, यापुढे कोणत्याही गलबताला वाट दाखवायची नाही.

बाहेर आल्यावर मी विचारलं, असं का म्हणालास. तो हळूच म्हणाला, "बाबांच्या वहीत चूक होती, गुलव्हेन. पण त्यांचं नाव कशाला घालवायचं? आईला यातलं काही कळू देऊ नकोस."

त्याला वाटतंय की बाबा चुकले.

१७ जानेवारी १७५८

थोरला वाटाड्या म्हणून माझी नेमणूक झाली. पन्नास तोफांचं गलबत. कागद घेऊन घरी आलो. आई कागदाकडे बघून बरं झालं म्हणाली आणि विचारलं की आलारकडे कोणी जातं का.

सगळे जातात. तोच तर वैताग आहे. परवा देवळाबाहेर याकेझची बायको भेटली. मला वाटलं ती त्याला शिव्या घालेल. तिने त्याच्यासाठी पायमोजे विणलेत. म्हणाली, एकटा तोच सरळ उभा राहून माझं चुकलं म्हणाला, बाकी सगळे सशाच्या मागे लागलेत. चौऱ्याण्णव माणसं बुडवल्याचा ठपका त्याच्यावर, आणि पायमोजे त्याला. माझ्याशी ती बोललीसुद्धा नाही.

४ जून

आज ल कोंके गावाला जाऊन आलो. आलार तिथे किनाऱ्यावर शेवाळ गोळा करून जाळतो, ती राख काच बनवणाऱ्यांना विकून पोट भरतो. आईने लोणी दिलं होतं त्याच्यासाठी. पण मी काही लोण्यासाठी गेलो नाही. माझ्या मनात वेगळं होतं. सहा महिने हा माणूस माझ्या बापाला पाठीशी घालतोय, अख्खा ब्रेस्त त्याला मान देतोय, आणि आतल्या आत तो स्वतःला माझ्या बापाचा उपकारकर्ता समजतोय, हे मला सहन होईना. त्याला खाली ओढायचं होतं. खरं सांगून का होईना.

ओहोटी होती. तो गुडघाभर शेवाळात उभा राहून दाताळ्याने ओढत होता. वाळलाय. मला बघून हसला, लोणी घेतलं, आई कशी आहे विचारलं. मी म्हणालो, "बाबांच्या वहीत चूक नव्हती. उतरवताना ओळी मी बदलल्या. मुद्दाम."

दाताळं माझ्या डोक्यात घालेल असं वाटलं होतं. घातलं असतं तर मी हललो नसतो. तो ओल्या शेवाळावर मटकन बसला.

"म्हणजे बाबा चुकले नव्हते," तो म्हणाला.

मी म्हणालो, नाही चुकले. त्याने परत तेच विचारलं, मी परत तेच सांगितलं. त्याच्या डोळ्यांतून घळघळ पाणी यायला लागलं आणि चेहरा इतका मोकळा झाला की तसा मी कित्येक वर्षांत बघितला नव्हता. रडत होता आणि हसत होता, बाबा चुकले नव्हते, बाबा चुकले नव्हते, असं स्वतःशीच. मी तिथे उभा होतो. बाबांवर सहा महिने आळ होता, एका माणसाच्या मनात का होईना, आणि सख्खा मुलगा असून तो पुसावा असं मला एकदाही वाटलं नव्हतं.

बऱ्याच वेळाने त्याने डोळे पुसले आणि विचारलं, "त्या सकाळी तू चाखलीस तेव्हा तुला कळलं होतं?"

मी म्हणालो, कळलं होतं.

त्याचं हसू गेलं. उठला, दाताळं घेतलं. म्हणाला की मी कोणाला काही सांगणार नाही, चौऱ्याण्णव घरांना जे सांगायचं ते तू सांग. मग माझ्याकडे पाठ करून कामाला लागला. लोणी त्याने दगडावर ठेवलं होतं, ते परत दिलं नाही. मला उगाच वाटत होतं की परत देईल.

परत येताना पंचांच्या कचेरीवरून आलो. दार उघडं होतं, कारकून आत बसलेला दिसला. मी घरी आलो.

आईने विचारलं, काय म्हणत होता. मी म्हणालो, बाबांची आठवण काढून रडला. आई घावन उलटत होती, मान वर न करता म्हणाली, "रडणारच रे. मुलगाच तो त्यांचा."

हेही लिहून ठेवतो, कारण हे खरं आहे.